गोलकी मठ आणि राणी अल्हणदेवीची व्याख्यानशाळा

प्रति,
अधीक्षक पुरातत्त्वविद,
भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण, जबलपूर मंडळ,
जबलपूर, मध्य प्रदेश

विषय : भेडाघाट येथील चौसष्ट योगिनी मंदिराच्या परिसरात गोलकी मठ, तेथील दीक्षापरंपरा आणि राणी अल्हणदेवीची व्याख्यानशाळा यांची साधार माहिती अभ्यागतांना मिळावी याबाबत

महोदय,

जबलपूरपासून सुमारे वीस किलोमीटरवर, नर्मदेच्या काठच्या टेकडीवर उभे असलेले चौसष्ट योगिनी मंदिर आपल्या विभागाच्या संरक्षणाखाली आहे, आणि धुआंधार धबधबा व संगमरवरी कडे पाहण्यासाठी येणाऱ्या पर्यटकांपैकी पुष्कळजण शंभराहून अधिक पायऱ्या चढून तेथपर्यंत पोहोचतात. त्यांच्या कानी पडणारी कथा साधारण एकाच साच्याची असते : येथे हजार वर्षांपूर्वी तांत्रिकांचे विद्यापीठ होते, त्याला गोलकी मठ म्हणत, तेथे पोथ्या घोकाव्या लागत नसत, सिद्ध गुरू शिष्याच्या मस्तकावर हात ठेवी आणि वर्षानुवर्षांच्या अभ्यासाने मिळणारी विद्या क्षणात त्याच्या मनात उतरे. वृत्तपत्रांच्या पुरवण्या, पर्यटनाच्या चित्रफिती आणि गाइडांची बोलणी यांतून ही कथा इतकी रुळली आहे की नागपूर-विदर्भाकडून सहकुटुंब येणारा मराठी प्रवासीही तीच घेऊन परततो. या कथेतील अर्धा भाग खरा आहे. परंतु उरलेला अर्धा भाग गळाल्यामुळे एका थोर विद्याकेंद्राची ओळख जादूच्या शाळेएवढी आकसली आहे, आणि तो गळालेला भाग जागेवर परत आणण्याचे काम आपले कार्यालय सर्वांत अधिकाराने करू शकते, म्हणून हे पत्र.

प्रथम जे प्रत्यक्ष उभे आहे त्याविषयी. दहाव्या शतकात त्रिपुरीच्या कलचुरी राजांच्या काळी बांधलेले हे मंदिर छप्पर नसलेले, वर्तुळाकार आणि आतून सुमारे एकशे सोळा फूट व्यासाचे आहे. परिघावर स्तंभांनी विभागलेली ओवरी असून तिच्यात देवतांच्या बैठकी ओळीने मांडल्या आहेत. नाव चौसष्ट योगिनींचे असले तरी येथील रचना एक्याऐंशी देवतांची, म्हणजे नऊ गुणिले नऊ अशा चक्राची आहे, आणि योगिनी मंदिरांच्या अभ्यासक विद्या दहेजिया यांनी ही संख्या राजाश्रयाने चाललेल्या उपासनेशी जोडली आहे. ओवरीतून फिरताना दृष्टी मूर्तीच्या भंगलेल्या हातांवर व चेहऱ्यांवर खिळते आणि खालचे पीठ पाहायचे राहून जाते. वास्तविक या मंदिराचे सर्वांत बोलके अंग तेच आहे. मूर्तीच्या बैठकीवर तिचे वाहन कोरलेले आहे आणि बहुतेक ठिकाणी दहाव्या शतकाच्या वळणाच्या नागरी अक्षरांत तिचे नाव आहे : श्रीकामदा, श्रीसर्वतोमुखी, श्रीफणेन्द्री, मकरावर बसलेली श्रीजाह्नवी, हत्तीच्या मुखाची श्रीऐंगिनी. महिषासुराला मारणारी जी देवी कोणत्याही मराठी माणसाला तुळजापूरची म्हणून तत्काळ ओळखू यावी, तिच्या पीठावर येथे ‘श्रीतेरम्वा’ असे नाव आहे. यांतील अनेक नावे इतरत्र आढळणाऱ्या चौसष्ट योगिनींच्या याद्यांत सापडत नाहीत, याचा अर्थ येथे नामावलीची स्वतंत्र परंपरा होती आणि ती कोरून ठेवणाऱ्याला ती वाचली जावी अशी अपेक्षा होती. पोथीला स्थान नसलेल्या गूढ शाळेची कल्पना या अक्षरांपुढे पहिल्यांदा अडखळते.

गोलकी मठाचा पुरावा मात्र जबलपुरात न मिळता दूर आंध्रात मिळतो, ही गोष्ट अभ्यागताला सांगितली पाहिजे, कारण तिच्यातून या संस्थेचा पल्ला कळतो. गुंटूर भागातील मलकापुरम येथे शके ११८३ चा, म्हणजे इसवी सन १२६१ चा, काकतीय राणी रुद्रमादेवीच्या काळातील एक मोठा स्तंभलेख आहे. त्यात विश्वेश्वर शंभू या शैव आचार्याची गुरुपरंपरा दिली असून, भागीरथी आणि नर्मदा यांच्या मधल्या डाहल देशात सद्भाव शंभू या आचार्याला कलचुरी राजा युवराजदेवाने तीन लाख गावे भिक्षा म्हणून दिली आणि आचार्याने गोलकी मठ स्थापून ती गावे मठाला अर्पण केली, असे म्हटले आहे. तीन लाख हा आकडा अर्थातच प्रशस्तीच्या भाषेतला आहे; तथापि सुमारे तीनशे वर्षांनंतर, इतक्या अंतरावरच्या एका मठाला आपली वंशावळ डाहल देशाशी जोडावीशी वाटली, यातच मूळ मठाची प्रतिष्ठा दिसते. हा मूळ मठ नेमका कोठे होता याविषयी विद्वानांत मतभेद आहेत. कलचुरी-चेदी संवताचे सर्व लेख १९५५ मध्ये दोन भागांत संपादित करून प्रसिद्ध करणारे महामहोपाध्याय वासुदेव विष्णु मिराशी यांनी गोलकी हे नाव भेडाघाटच्या वर्तुळाकार वास्तूशी जोडले. काही अभ्यासक मात्र रीवा जिल्ह्यातील गुर्गीकडे, जेथे कलचुरींच्याच आश्रयाने मोठे शैव केंद्र उभे राहिले होते, बोट दाखवतात. कोकणात जन्मलेल्या आणि नागपूरच्या मॉरिस कॉलेजात संस्कृत शिकवणाऱ्या एका मराठी पंडिताने महाकोशलाचा हा अवघा इतिहास दगडांवरून वाचून काढला, ही बाब जबलपूरच्या मराठी समाजाने अभिमानाने सांगावी अशी आहे, आणि त्यांचे मत हे एक मत आहे हेही तितक्याच प्रामाणिकपणे सांगितले जावे.

आता कथेतील खऱ्या अर्ध्याकडे वळता येईल. या आचार्यांचा पंथ म्हणजे शैव सिद्धान्त, आणि या पंथात गुरू शिष्यावर मनाच्या मार्गाने काही करतो ही कल्पना खरोखरच केंद्रस्थानी होती. तिला दीक्षा म्हणतात. शास्त्रकारांनी तिचे प्रकार सांगितले आहेत : दृष्टीने दिलेली ती चाक्षुषी, स्पर्शाने दिलेली ती स्पर्शी, शब्दाने दिलेली वाचिकी, केवळ मनाने दिलेली मानसी, शास्त्र सांगून दिलेली शास्त्री, योगाने दिलेली योगी आणि होमाने दिलेली हौत्री, पैकी शेवटची, म्हणजे अग्नीच्या साक्षीने होणारी सविस्तर दीक्षा, मठांत प्रत्यक्ष रूढ होती. गोलकी परंपरेत ज्यांचे नाव घेतले जाते त्या सोमशंभूंनी अकराव्या शतकात लिहिलेली पद्धती, म्हणजे विधींची क्रमवार पोथी, पुढे दक्षिणेत शतकानुशतके प्रमाण मानली गेली, आणि तिच्या आधारे हा विधी डोळ्यांपुढे उभा करता येतो. स्नान केलेल्या शिष्याच्या डोळ्यांवर वस्त्र बांधून त्याला हाताला धरून मंडळाजवळ नेतात. त्याच्या ओंजळीतले फूल तो न पाहता पुढे टाकतो. मग पट्टी सोडतात आणि प्रथमच तो ते रंगवलेले मंडळ पाहतो, फूल ज्या स्थानी पडले असेल त्यावरून त्याला नवे नाव मिळते. गुरू आपल्या उजव्या हातावर शिवाची भावना करून तो हात त्याच्या मस्तकावर ठेवतो, याला शिवहस्त म्हणतात. त्यानंतर येतो तो भाग ज्यावरून आजची दंतकथा निघाली असावी : गुरू आपला श्वास सोडताना स्वतःच्या नाडीवाटे बाहेर पडून शिष्याच्या नाडीवाटे त्याच्या हृदयात शिरतो, तेथील चैतन्य उचलून आपल्या हृदयात आणतो आणि संस्कार करून परत ठेवतो, अशी भावना करतो, या क्रियेला नाडीसंधान असे नाव आहे. मोक्षासाठीच्या पुढच्या दीक्षेत शिष्याच्या शेंडीपासून पायाच्या अंगठ्यापर्यंत एक सूत लोंबते सोडतात, त्याची सारी बंधने त्या सुतात उतरवतात, आणि एकेक टप्पा कापून अग्नीत टाकतात.

दोन मनांमधले अंतर ओलांडता येते, ही श्रद्धा इतक्या तपशिलाने, इतक्या शिस्तीने क्वचितच कोठे मांडली गेली असेल. मात्र तिच्यामागचा सिद्धान्त पाहिला की कथेतला दोष उघड होतो. या पंथाच्या मते प्रत्येक जीवात सर्व जाणण्याची आणि सर्व करण्याची शक्ती मुळातच आहे, ती मल नावाच्या सूक्ष्म द्रव्याने झाकलेली आहे, आणि मल हे द्रव्य असल्यामुळे ते नुसत्या समजुतीने जात नाही. डोळ्यावर आलेला पडदा वैद्याच्या शस्त्रानेच निघतो, पडदा आहे हे कळल्याने निघत नाही, हा त्यांचाच दृष्टान्त आहे. म्हणजे दीक्षेत गुरू शिष्याच्या मनात काहीही भरत नव्हता. तो आडकाठी दूर करत होता. आणि ती दूर झाल्यावरही, प्रारब्ध कर्म शिल्लक असल्याने, जीवाची ती सर्वज्ञता देह पडल्यानंतरच पूर्ण प्रकट होते असे हे आचार्य मानत. मंडळासमोरून उठलेल्या शिष्याला व्याकरणाचे एक सूत्रही त्या क्षणी नव्याने येत नव्हते, आणि येते असा दावा त्याच्या गुरूने केला नव्हता.

दीक्षेने मिळत होता तो अधिकार, म्हणजे शास्त्र शिकण्याची व आचरण्याची पात्रता. दीक्षितांच्या चार पायऱ्या होत्या : समयी, म्हणजे मठाचे नियम पाळू लागलेला नवशिका, पुत्रक, म्हणजे मोक्षदीक्षा झालेला, साधक, म्हणजे एखादा मंत्र सिद्ध करण्यासाठी व्रत घेतलेला, आणि आचार्य, ज्याला इतरांना दीक्षा देण्याचा व शिकवण्याचा हक्क अभिषेकाने मिळे. आचार्यपदासाठी आगमांचे चारही पाद, म्हणजे ज्ञान, क्रिया, योग आणि चर्या हे भाग, अभ्यासलेले असावे लागत. येथे एक गोष्ट झाकून ठेवता येण्यासारखी नाही. अभ्यासाविना मुक्ती देणारी एक दीक्षा या पंथात खरोखर होती, तिचे नाव निर्बीजा. तिच्यात दीक्षेनंतरचे नियम व अध्ययन यांची सक्ती काढून टाकलेली असे, आणि ती बालक, मंदबुद्धी, वृद्ध, रोगी, राज्यभोगात गुंतलेला राजा आणि स्त्रिया यांच्यासाठी सांगितली होती. आजच्या कथेत ज्या सुलभ मार्गाचे कौतुक होते तो परंपरेने ज्यांना शिकणे जमणार नाही असे मानले त्यांना दिलेला मार्ग होता, आणि त्यातून शिकवण्याचा अधिकार कधीच मिळत नसे. एक्याऐंशी देवींच्या चक्राशेजारी राहणाऱ्या परंपरेने मानवी स्त्रीला मात्र अध्ययनाच्या दाराबाहेर ठेवावे, हे वाचून वाईट वाटते, आणि ते वाटणे फलकावर उतरले तरी स्मारकाचा मान कमी होणार नाही.

कारण या बंद दाराला भेडाघाटातच एका स्त्रीने उत्तर दिलेले आहे. कलचुरी संवत ९०७, म्हणजे इसवी सन ११५५ च्या सुमारास, राजा गयाकर्णाची विधवा आणि नरसिंहदेवाची माता अल्हणदेवी हिने येथे एक शिवमंदिर बांधले. मेवाडच्या गुहिल राजा विजयसिंहाची ती कन्या, आणि माळव्याच्या परमार उदयादित्याची ती दौहित्री. तिच्या शिलालेखात, जो शशिधर नावाच्या कवीने रचला, मंदिराबरोबर आणखी तीन गोष्टी सांगितल्या आहेत : साधूंसाठी मठ, बागांची रांग आणि व्याख्यानशाळा. मंदिराच्या खर्चासाठी गावे दिली आणि सगळ्याची व्यवस्था लाट देशातून आलेल्या वंशातील पाशुपत आचार्य रुद्रराशी यांच्याकडे सोपवली. पाशुपत हा शैवांचाच, पण सिद्धान्ताहून जुना आणि वेगळा पंथ, त्यामुळे हा मठ म्हणजेच गोलकी मठ असे म्हणता येत नाही; परंतु त्यामुळेच हेही कळते की भेडाघाटच्या टेकडीवर एकाहून अधिक पंथांचे आचार्य नांदले. व्याख्यानशाळा म्हणजे जेथे शास्त्राचा पाठ घेऊन त्यावर विवरण होते ती जागा. तेथे मस्तकावर हात ठेवून भागत नसे. बसावे लागे, ऐकावे लागे, शंका काढावी लागे. ज्या टेकडीला आज पोथीविना विद्या देणारी म्हणून ओळखतात, तेथे एका राणीने पैसा खर्चून वर्ग बांधला आणि ते दगडावर लिहून ठेवले, याहून स्पष्ट साक्ष कोणती हवी? दुर्दैवाने ती साक्ष आज भेडाघाटात नाही. एकोणिसाव्या शतकात फिट्झएडवर्ड हॉल या अमेरिकी संस्कृतज्ञाने हा शिलालेख मिळवला, त्याचे वाचन प्रसिद्ध केले आणि तो अमेरिकन ओरिएंटल सोसायटीच्या न्यू हेवन येथील संग्रहात गेला. टेकडीवर उभ्या असलेल्या विद्यार्थ्याला त्या व्याख्यानशाळेबद्दल सांगणारा मूळ दगड सातासमुद्रापार आहे आणि त्याची जागा ऐकीव कथेने भरून काढली आहे.

मलकापुरमच्या लेखाचा उरलेला भागही हेच सांगतो. विश्वेश्वर शंभू मूळचे गौड देशातले, राढ प्रांतातले. काकतीय गणपतिदेवाचे ते दीक्षागुरू होते आणि राजाच्या कानात मंत्र सांगण्याचा मान त्यांना होता. अशा गुरूने मिळालेल्या गावाचे उत्पन्न कशावर लावले ते पाहण्यासारखे आहे. शिवमंदिर आणि मठ यांच्याबरोबर त्यांनी अन्नछत्र, प्रसूतिशाळा आणि आरोग्यशाळा चालवण्याची तरतूद केली. ऋग्वेद, यजुर्वेद आणि सामवेद शिकवणारे तीन अध्यापक, व्याकरण, मीमांसा, तर्क, साहित्य आणि आगम या शास्त्रांसाठी पाच अध्यापक, एक वैद्य आणि एक कायस्थ म्हणजे हिशेबनीस नेमला. अन्नछत्राचे दार ब्राह्मणापासून चांडाळापर्यंत कोणासाठीही बंद होणार नाही अशी अट घातली. मनाच्या वाटेने शिष्याच्या हृदयात शिरण्याचा विधी ज्याला अवगत होता, त्या आचार्याला तर्कशास्त्राच्या मास्तराचा पगार ठरवून द्यावासा वाटला. गोलकी परंपरेने मागे ठेवलेला सर्वांत मोलाचा ठेवा हाच आहे.

विद्या मंत्राने येते की अभ्यासाने, या प्रश्नाची कलचुरी दरबाराला जाण होती, असे मानायला आणखी एक आधार आहे. संस्कृत कवी राजशेखर, ज्याने आपल्या पणजोबांचा उल्लेख महाराष्ट्राचा चूडामणी असा केला आहे, तो काही काळ त्रिपुरीस युवराजदेवाच्या आश्रयाला होता. ती त्रिपुरी म्हणजे भेडाघाटच्या वाटेवरचे आजचे तेवर. जबलपूरकरांना त्रिपुरी हे नाव १९३९ च्या काँग्रेस अधिवेशनामुळे अधिक परिचित आहे. काव्यमीमांसा या ग्रंथात त्याने कवीची प्रतिभा तीन प्रकारची मानली : जन्माबरोबर आलेली, अभ्यासाने मिळवलेली, आणि मंत्र-तंत्राच्या उपदेशातून उपजलेली. तिसरा प्रकार त्याने नाकारला नाही, हे लक्षात घ्यावे. त्या काळच्या पंडिताला मंत्राने प्रतिभा येते हे अशक्य वाटत नव्हते. पण त्याच ग्रंथात शिष्यांचे वर्ग, गुरुकुलाची सेवा, वाचन, लेखनसामग्री आणि कवीने दिवसाचे प्रहर कसे वाटून घ्यावे इथपर्यंतचा तपशील आहे. मंत्राने येणारी प्रतिभा मान्य करणाऱ्या ग्रंथकाराने पाने खर्च केली ती वेळापत्रकावर.

योगिनींची वाट सिद्धान्तापेक्षा निराळी होती, आणि भेडाघाटात दोन्हींचा संबंध नेमका कसा जुळला हे अजून अभ्यासकांच्या हाती पुरते लागलेले नाही. योगिनीकुल म्हणजे कौल मार्गाची ती शाखा जिच्यात विद्या योगिनींच्या मुखातून मिळते असे मानले जाई. तिचा आद्य आचार्य मत्स्येंद्रनाथ, आणि तोच नाथपंथाचाही आदिगुरू. त्यामुळे ही वर्तुळाकार ओवरी मराठी वाचकाला वाटते त्याहून जवळची आहे, कारण मत्स्येंद्र, गोरक्ष, गहिनी, निवृत्ती या साखळीचे टोक आळंदीला पोहोचते. या मार्गाच्या ग्रंथांत दंतकथेला सर्वाधिक पोषक असा उल्लेखही सापडतो : शक्तिपात, म्हणजे ईश्वरी कृपेचे अवतरण, झाल्याच्या खुणांमध्ये अकस्मात सर्व शास्त्रांचा अर्थ कळू लागणे ही एक खूण मालिनीविजयोत्तर तंत्रात दिली आहे. ज्या काळी भेडाघाटचे मंदिर उभे राहिले त्याच काळी काश्मिरात त्या तंत्रावर आपला प्रचंड ग्रंथ उभारणारा अभिनवगुप्त गुरूविना प्रकटणारे ज्ञान श्रेष्ठ मानतो. आणि तरीही जैन, बौद्ध, वैष्णव अशा अनेक आचार्यांच्या घरी जाऊन आपण शिकलो, असे तो आवर्जून नोंदवतो. ज्ञानेश्वरांनीही ज्ञानेश्वरीच्या अठराव्या अध्यायात कृष्ण अर्जुनाला कवटाळतो तेव्हा एका हृदयातले दुसऱ्या हृदयात गेले, असे वर्णन केले आहे. ते आलिंगन गीतेच्या शेवटी येते, अर्जुनाचे सर्व प्रश्न विचारून झाल्यावर, प्रत्येकाचे उत्तर शब्दांत मिळाल्यावर. विसाव्या शतकात शक्तिपात दीक्षेसाठी महाराष्ट्रभर ज्यांच्याकडे ओघ लागला ते पुण्याचे वामनराव गुळवणी महाराज शाळेत चित्रकला शिकवत असत, आणि शाळकरी मुलाला रेघ काढता यावी म्हणून त्याचा हात धरून पुन्हा पुन्हा गिरवून घेण्याचे काम त्यांना आपल्या अधिकाराला कमीपणा आणणारे वाटले नाही.

हा विषय केवळ इतिहासाचा असता तर पत्राची निकड नव्हती. गेल्या दीड-दोन दशकांत महाराष्ट्रात आणि देशात इतरत्र मुलांचा मेंदू ‘जागृत’ करून देणारे वर्ग निघाले. काही दिवसांच्या शिबिरानंतर मूल डोळ्यांवर पट्टी बांधून पुस्तक वाचेल, त्याची स्मरणशक्ती वाढेल, अभ्यासाचा भार उतरेल असे सांगून पालकांकडून मोठ्या रकमा घेतल्या गेल्या. विवेकवादी कार्यकर्त्यांनी ठिकठिकाणी दाखवून दिले की मूल नाकाच्या बाजूच्या फटीतून पाहते. फट बुजवली की वाचन थांबते. या वर्गांच्या जाहिरातींत ‘प्राचीन भारतीय विद्या’ हे शब्द मोकळेपणाने वापरले जातात, आणि भेडाघाटसारख्या स्थळांविषयीच्या कथा त्या शब्दांना वजन देतात. गोलकी परंपरेतही डोळ्यांवर पट्टी होती. ती फूल टाकून होताच सोडण्यात येई, शिष्याने उघड्या डोळ्यांनी मंडळ पाहावे म्हणून. खोटे बोलायला शिकवलेल्या मुलाच्या डोळ्यांवरची पट्टी आणि ही पट्टी यांतला फरक आज कोणी सांगत नाही. मुलाला फटीतून पाहायला लावून, आपण न पाहता वाचतो असे त्याच्याच तोंडून वदवून घेणे हा त्या मुलावरचा अन्याय आहे, आणि त्यासाठी ज्या आचार्यांनी अध्यापकांची वेतने दगडावर कोरवली त्यांच्या नावाचा आधार घेणे हा त्या आचार्यांवरचा अन्याय आहे.

भेडाघाट-लमेटाघाट हे स्थळ २०२१ मध्ये युनेस्कोच्या तात्पुरत्या यादीत समाविष्ट झाले, ते तेथील खडकांसाठी व लमेटा थरांतील डायनोसॉरच्या अवशेषांसाठी. ही प्रक्रिया पुढे सरकेल तसे माहितीकेंद्र, फलक, पुस्तिका यांचे नियोजन होईल, आणि टेकडीवरच्या मंदिराविषयी काय सांगायचे ते त्या वेळी घाईने ठरवण्यापेक्षा आताच ठरावे. म्हणून आपल्या कार्यालयाने पुढील गोष्टींचा विचार करावा. योगिनींच्या पीठांवरील नावांचे ठसे घेऊन, ती अक्षरे आजच्या देवनागरीत ज्या त्या मूर्तीजवळ वाचता येतील अशी सोय व्हावी, आणि वाचन संशयित असेल तेथे तसे नमूद व्हावे. अल्हणदेवीच्या शिलालेखाची पूर्ण आकाराची प्रतिकृती, हिंदी, मराठी व इंग्रजी भाषांतरासह, मंदिराच्या आवारात किंवा जबलपूरच्या राणी दुर्गावती संग्रहालयात उभारण्यासाठी मूळ दगड ज्यांच्या ताब्यात आहे त्यांच्याकडे ठशांची वा छायाचित्रांची मागणी करावी. मूळ दगड परत आणण्याचा प्रश्न शासनाने स्वतंत्रपणे हाताळावा. गोलकी मठाच्या फलकावर मलकापुरमच्या लेखातील अध्यापक, वैद्य, प्रसूतिशाळा आणि अन्नछत्र यांचा उल्लेख असावा, भेडाघाट की गुर्गी हा वाद दोन ओळींत मांडावा, आणि दीक्षा म्हणजे काय ते, तिच्यातल्या नाडीसंधानासह आणि निर्बीजेसह, न बिचकता व न फुगवता सांगावे. गाइडांसाठी जबलपूरच्या विद्यापीठातील इतिहास व संस्कृत विभागांच्या साहाय्याने वर्षातून एकदा अभ्यासवर्ग घेतला, तर त्यांच्या तोंडची कथा बदलायला फार काळ लागणार नाही. त्यांच्यापैकी अनेकांना या मंदिराविषयी मनापासून आस्था आहे आणि अधिक काही सांगायला मिळाले तर ते सांगतील.

चंद्रेहेचाही विचार याच योजनेत व्हावा. सिधी जिल्ह्यात सोन नदीजवळ, प्रबोधशिव या आचार्याने कलचुरी संवत ७२४ मध्ये, म्हणजे इसवी सन ९७३ च्या सुमारास, बांधलेला शैव मठ आपल्या गुरूने उभारलेल्या मंदिराच्या शेजारी आजही उभा आहे, आणि त्याच परंपरेचे साधू कसे राहत, कोठे बसत, शिकत, ते तेथील खोल्यांवरून पाहता येते. भेडाघाटला मठाच्या भिंती उरल्या नाहीत. चंद्रेहेचा आराखडा आणि छायाचित्रे येथे लावली, तर एक्याऐंशी देवींच्या ओवरीतून बाहेर पडलेल्या शाळकरी मुलांना त्या काळचा विद्यार्थी कोणत्या जागेत बसून शिकत होता ते दाखवता येईल.

कळावे,

जबलपूर येथील एक मराठी नागरिक